दोन गिऱ्हाइकांमधले नाना

मुरलीधर नाना गेल्याचं मला शांताराम आबांनी फोनवर सांगितलं. आवाज इतका खाली, की आधी वाटलं आणखी कुणाला तरी नोटीस आली. गेलं वर्षभर अमळनेरचे कापसाचे जिनिंगवाले फोनवर असेच बोलतात, दार लावून बोलल्यासारखे. मी म्हटलं, आबा, मोठ्यानं बोला, इथे गाड्यांचा आवाज आहे. ते म्हणाले, "नाना गेले गं. जेवून खुर्चीत बसले होते, तसेच." मी धुळ्याच्या बसस्टँडसमोर पत्रकं वाटत होते. हातातला गठ्ठा तसाच घेऊन अमळनेरच्या गाडीत चढले. नानांच्या दारात माणसं पुष्कळ होती. जिनिंगवाले झाडून सगळे आले होते. पण ते एकमेकांपासून लांब लांब उभे होते. एक कडुनिंबाखाली, एक विजेच्या खांबापाशी, एक समोरच्या दुकानाच्या पायरीवर. ज्या माणसानं त्यांना उभं आयुष्य एका ओट्यावर बसवलं, त्याच्या तिरडीपाशी दोन जिनवाले शेजारी शेजारी दिसू नयेत, याची काळजी ते घेत होते. कुणी फोटो काढला तर? कुणी विचारलं, तुम्ही तिथे काय बोलत होता, तर? अंत्ययात्रा निघाली तेव्हा खांदा द्यायलासुद्धा ते पाळीपाळीनं आले, एका वेळी एकच. हे मी पाहिलं आहे, म्हणून लिहिते. ऐकीव असतं तर माझाही विश्वास बसला नसता.

नाना सरकीचे दलाल होते. दलाल हा शब्द मी आतापर्यंत शिवीसारखाच वापरत आले, त्यामुळे हे साधं वाक्य लिहून मी थोडी थांबले. ज्यांना हा धंदा माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. कापूस जिनमध्ये गेला की रुई वेगळी होते आणि सरकी, म्हणजे आतलं बी, वेगळी. रुईच्या गाठी बांधून त्या बाहेरगावी जातात. सरकी जाते तेलगिरणीत, तिच्यातून तेल निघतं आणि मागे उरते ती ढेप, जी आपल्याकडच्या गाई-म्हशी खातात. जिनवाला आणि तेलगिरणी यांच्या मधे फोन घेऊन बसलेला माणूस म्हणजे सरकीचा दलाल. एकेकाळी या भागात तेलगिरण्या गल्लोगल्ली होत्या असं नाना सांगत. मी त्यांना ओळखायला लागले तोवर मोठं गिऱ्हाईक म्हणावं अशी दोनच उरली होती. एकाची गिरणी धुळ्याला, दुसऱ्याची जळगावला. त्या कंपन्यांची नावं लांबलचक आणि इंग्रजी होती, नाना ती कधीच घेत नसत. धुळेवाला आणि जळगाववाला, एवढ्यावर त्यांचं भागायचं. दोघांबद्दल ते दोन व्याह्यांबद्दल बोलावं तसं बोलायचे. धुळेवाला रुसतो लवकर. जळगाववाला गोड बोलतो, पण वजनाला कडक.

धुळ्यात आमचं पाच-सहा जणांचं मंडळ आहे, सायकलच्या दुकानावर एक खोली आहे, आणि आम्ही पत्रकं काढतो. दोन हंगामांपूर्वी आम्ही काढलेल्या एका पत्रकाचं नाव होतं 'दलाल काय पिकवतो?' ते मी लिहिलं होतं आणि मला त्याचा अभिमान होता. एका दुपारी पांढऱ्या सदऱ्यातला, सत्तरीच्या पुढचा एक माणूस आमचा अरुंद जिना चढून वर आला, खुर्चीत बसून दम खाल्ला, आणि ते पत्रक टेबलावर ठेवून विचारलं, हे कुणी लिहिलं? मी लिहिलं, असं मी भांडायच्या तयारीनंच सांगितलं. "चांगलं लिहिलंय," तो माणूस म्हणाला. "वाक्यं छोटी आहेत, लागतात. मला लागली. आता एक माझ्या बाजूनं लिहून द्या."

खोलीत हशा पिकला. मी म्हटलं, दलालांसाठी आम्ही लिहीत नाही. तेव्हा नानांनी खिशातून वर्तमानपत्राचं एक कात्रण काढलं. धुळेवाला आणि जळगाववाला एक होणार होते. आपल्याकडे दोन मोठ्या कंपन्यांना असं एक व्हायचं असेल तर आधी दिल्लीतल्या आयोगाची परवानगी लागते. या एकत्र येण्यानं बाजारातली चुरस मरेल का, हे आयोग पाहतो. शंका आली तर कंपन्यांना आपला बेत जाहीर छापायला लावतो, आणि ज्याचं नुकसान होणार असेल त्यानं लेखी हरकत घ्यावी म्हणून मुदत देतो. ती मुदत चालू होती. मी तिरकस विचारलं, की म्हणजे तुमची दलाली बुडणार म्हणून शेतकऱ्यांच्या पोरांनी रस्त्यावर यायचं का? नाना चिडले नाहीत. म्हणाले, "दलाल जाऊ द्या हो पत्रकवाली. उद्या गेला तरी तुम्ही पेढे वाटाल. पण दलाल केव्हा लागतो? गिऱ्हाइकं दोन असतात तेव्हा. ज्या दिवशी माझं काम संपेल ना, त्या दिवशी समजा, तुमच्या कापसाला विचारणारा एकच उरला." पत्रकवाली हे नाव मला त्या दिवशी पडलं ते पडलंच.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला अमळनेरला बोलावलं आणि शांताराम आबांच्या जिनमध्ये नेलं. आबा जिनवाल्यांच्या मंडळाचे अध्यक्ष, नानांपेक्षा वयानं मोठे, बोलायला कमी. कंपन्यांचं म्हणणं मी वाचून आले होते. खाद्यतेलाच्या बियांची खरेदी हा अख्ख्या देशाचा बाजार आहे आणि त्या समुद्रात आमचे दोघांचे मिळून दोन थेंब, असा त्याचा मथितार्थ. मी नानांना म्हटलं, देशाच्या हिशेबात ते खरंच फार लहान आहेत, आपण काय म्हणायचं? नाना मला सरकीच्या ढिगापाशी घेऊन गेले आणि म्हणाले, हात घाला. मी मनगटापर्यंत घातला. अजून, म्हणाले. कोपरापर्यंत हात गेला तेव्हा आत ताप आलेल्या माणसाच्या अंगासारखं लागलं. सरकी पडून राहिली की आतून तापते, तापली की तेल बिघडतं आणि मग तिला कुणी विचारत नाही. गुजरातेत गिरण्या आहेत, मध्य प्रदेशात आहेत, नानांचे तिथे दोस्तही होते. पण ट्रकचं भाडं भरून तिकडे पाठवायची म्हणजे हातात काही उरायचं नाही, आणि भाव वाढेल म्हणून थांबायची सोय नाही. "दिल्लीचा बाजार देशाएवढा असेल," नाना म्हणाले. "माझी सरकी धुळ्याला जाते, नाहीतर जळगावला. दोन दरवाजे. त्यातला एक बंद झाला की हे सगळं..." आणि त्यांनी ढिगाकडे नुसता हात केला.

त्या महिन्यात मी त्यांच्याकडे बऱ्याचदा गेले. नानांच्या पुढच्या खोलीत खिडकीशी खुर्ची, तिच्या दोन्ही हातांवर दोन मोबाईल. डावा धुळ्याचा, उजवा जळगावचा. त्यांचं काम बघायला मला आवडायला लागलं, हे कबूल करायला मला आमच्या मंडळात लाज वाटायची. ते धुळेवाल्याला फोन लावायचे, तब्येत विचारायचे, पाऊसपाण्याचं बोलायचे, आणि मग म्हणायचे, जळगाववाला काय म्हणतोय सांगू का? पलीकडचा म्हणायचा, सांगा. "कशाला सांगू? तुमच्या मनाला त्रास," म्हणून नाना फोन ठेवून द्यायचे. चहा प्यायचे. थोड्या वेळानं धुळेवाल्याचाच फोन यायचा, आणि भाव थोडा वर सरकलेला असायचा. हाच खेळ मग उजव्या फोनवर. चुरस, स्पर्धा यांवर मी भाषणं ठोकली आहेत. ती नेमकी कुठे राहते हे मला त्या खुर्चीशेजारी बसून कळलं. पलीकडे दुसरा आहे आणि तो काय म्हणाला हे आपल्याला माहीत नाही, या धाकात ती राहते. तो धाक संपला की कंपनी कितीही सभ्य असो, भाव तिच्या मर्जीवर.

आता त्या हरकतीबद्दल. हे सगळं जिनवाल्यांच्या मंडळाच्या नावानं लिहायचं ठरलं. बाजार किती लांबीचा, सरकी का थांबू शकत नाही, दुसरं गिऱ्हाईक गेलं तर काय होईल, हे मी लिहिलं आणि ते चांगलं झालं होतं. वाचून दाखवायला आबांच्या जिनच्या ओट्यावर सगळे जमले. त्या ओट्याची एक रीत होती. हंगामात रोज सकाळी सगळे जिनवाले तिथे चहाला यायचे आणि आज सरकी कोणत्या भावाच्या खाली द्यायची नाही, ते ठरवायचे. ज्याला भाव मान्य, तो रिकामा कप ताटात ठेवणार. ज्याला मान्य नाही, तो कप हातात धरून बसणार. सगळ्यात लहान जिनवाल्याचा कप ताटात आल्याशिवाय कुणी उठायचं नाही. मग नाना तो भाव दोन्ही गिरण्यांना कळवणार. त्यांच्या वडिलांच्या वेळेपासून हे असंच चालू होतं. मोठ्या जिनवाल्यानं गुपचूप खाली विकून लहानाला मारू नये, म्हणून घातलेली ही रीत. या लोकांना तिचा केवढा गर्व होता! माझं वाचून झालं तेव्हा आबा म्हणाले, सगळं बरं आहे, पण ओट्याचं यात कुठेच नाही. नाना म्हणाले, खरं आहे, आपण कोण आहोत ते दिल्लीला कळलं पाहिजे. मग नानांनी स्वतः तो परिच्छेद सांगितला आणि तो सगळ्यात वर घालायला लावला. आम्ही सर्व जिनिंगधारक पिढ्यान्‌पिढ्या रोज एकत्र बसून, एकमतानं एकच भाव ठरवतो आणि तो कुणीही मोडत नाही. ही आमची परंपरा या विलीनीकरणानं धोक्यात येणार आहे. टाळ्या पडल्या. धुळ्याच्या वकील वंदनाताई आमच्या ओळखीच्या, त्यांनी पाठवण्याआधी एकदा दाखवा असा निरोप दिला होता. नाना म्हणाले, "खरंच तर लिहितोय. खऱ्याला वकील कशाला लागतो?" सगळ्यांनी सह्या केल्या, नावं सुवाच्य अक्षरात, खाली जिनचा शिक्का.

हरकत गेली. त्याच आठवड्यात मी आणि नाना अमळनेरच्या स्टँडवर धुळ्याच्या गाडीची वाट पाहत उभे होतो. मला सोडायला ते नेहमी यायचे. माझ्या डोक्यात एक गोष्ट घोळत होती, ती मी विचारली. ओट्यावर फक्त सरकीचाच भाव ठरतो, की शेतकऱ्याला द्यायचा कापसाचाही? नानांनी समोरच्या रसवंतीकडे पाहिलं. गाडी लागली, लोक चढायला लागले. "कधी कधी," ते म्हणाले. मी म्हटलं, म्हणजे नाना, तुम्ही त्या दोघांना करू देत नाही तेच तुम्ही... "कधी कधी म्हटलं ना. चढा, जागा जाईल." त्यानंतर पंधरवडाभर मी त्यांचा फोन घेतला नाही. माझे वडील कापूस त्याच भागातल्या जिनवर घालतात. नाना गेले म्हणून मी हे गाळणार नाही. गाळलं तर ते स्वतःच म्हणाले असते, पत्रकवाली, तुम्हीपण दलालीच करायला लागलात की.

कंपन्यांच्या उत्तराची प्रत आली ती मी वंदनाताईंकडे घेऊन गेले. नानाही आले होते. ताईंनी चष्मा लावून वाचायला सुरुवात केली आणि दुसऱ्याच पानावर थांबल्या. त्यांनी मान वर करून विचारलं, "हे तुम्ही लिहून दिलंत? सह्या करून?" कंपन्यांच्या वकिलांनी आमचा तो पहिला परिच्छेद जसाच्या तसा उतरवून घेतला होता. त्यांचं म्हणणं असं, की या बाजारात विकणारे दुबळे नाहीत. ते स्वतःच कबूल करतात की ते सगळे मिळून एकच भाव ठरवतात आणि तो मोडू देत नाहीत. अशा संघटित विक्रेत्यांपुढे दोन खरेदीदार एक झाले तर तोल बिघडत नाही, उलट साधला जातो. आणि अशा रीतीनं भाव ठरवणं कायद्याला मान्य आहे का, याचीही दखल घेतली जावी. ताईंनी शांतपणे समजावलं, की एकाच धंद्यातल्या माणसांनी संगनमतानं भाव ठरवणं हा या कायद्यातला सगळ्यात मोठा गुन्हा. मग तो चहा पिऊन ठरवा नाहीतर पंचतारांकित हॉटेलात. नाना ऐकत होते. त्यांचा चेहरा मला आठवतो. पकडला गेल्याचा तो चेहरा नव्हता. एखाद्या घरात वर्षानुवर्षं राहावं आणि एक दिवस कुणीतरी सांगावं, की ते घर आपलं नव्हतंच, तसा. त्यांनी फक्त एवढंच विचारलं, की आता त्या आमच्या सह्या परत घेता येतील का? ताईंनी नकारार्थी मान हलवली.

विलीनीकरण मंजूर झालं. अटींसह. अट अशी, की कुठल्याशा लांबच्या राज्यात दोघांचे तेलाचे डबे एकाच दुकानात विकले जातात, म्हणून तिथला एक छाप, म्हणजे ब्रँड, त्यांनी दुसऱ्या कुणाला तरी विकून टाकावा. तिथल्या तेल घेणाऱ्यांची काळजी घेतली गेली, ते बरंच झालं. सरकी विकणाऱ्यांसाठी अट नव्हती. आमच्यासाठी नोटीस आली. जिनवाल्यांच्या मंडळाला, प्रत्येक सही करणाऱ्याला, आणि भाव कळवणारी व्यक्ती म्हणून नानांना. नाना जबाब द्यायला गेले आणि परत आल्यावर सांगत होते, की त्यांना विचारलं, ठरलेला भाव गिरण्यांना कोण कळवतं? मी, म्हणाले. किती काळापासून? माझ्या वडिलांपासून, म्हणाले. हे सांगताना त्यांना हसू आलं, आणि ते हसू अर्ध्यावर थांबलं. आबांना त्या दिवसापासून रक्तदाबाची गोळी चालू झाली. ओटा ओस पडला. एवढंच नाही. दोन जिनवाले लग्नात भेटले तरी एक पान खायच्या निमित्तानं बाहेर निघून जायला लागला. वर्षानुवर्षांचे शेजारी, पण कोण काय भावानं देतो हे कुणी कुणाला विचारेना. लहान जिनवाल्यांपैकी एकानं त्या हंगामात जिनचं दार उघडलंच नाही.

आणि नव्या कंपनीत काय झालं? धुळ्याची गिरणी दुरुस्तीसाठी बंद केल्याची पाटी लागली. ती दुरुस्ती अजून चालू आहे. दलालांची गरज नाही, खरेदी थेट होईल, असं सगळ्यांना कळवलं. रोज सकाळी मोबाईलवर एक संदेश, त्यात एक आकडा. तो आकडा धुळ्याच्या आणि जळगावच्या माणसांनी एका टेबलाशी बसून ठरवला तर त्याला संगनमत म्हणत नाहीत, कारण आता ती दोन माणसं नाहीत, एकच कंपनी आहे. मला हे शंभर वेळा समजावून सांगण्यात आलं आहे आणि मला ते समजतं. दोघांनी चहा पिऊन एक भाव काढला तर गुन्हा. दोघांनी लग्न लावून एक भाव काढला तर कार्यक्षमता. ओट्यावरचे सगळे मिळून त्या कंपनीच्या एका बोटाएवढे नव्हते. ते काय करायचे ते मी वर सांगितलं आहे, त्यांना संत ठरवायला मी बसलेली नाही. पण चुरस जपायला केलेला कायदा एकाच वर्षात एकाच गावात दोनदा आला, आणि तो गेला तेव्हा लहान माणसं एकटी एकटी झाली होती आणि मोठी एक झाली होती. हे कुणाच्या लाचलुचपतीनं झालं असतं तर मला सोपं गेलं असतं. पत्रक लिहून मोकळी झाले असते. सगळं नियमानं झालं. भीती त्याचीच वाटते.

नानांना मी शेवटची भेटले ती नवरात्राच्या आसपास. ते त्याच खुर्चीत होते. हंगाम सुरू झाला होता आणि त्यांना काम नव्हतं, तरी सकाळी अंघोळ करून, सदरा घालून ते खिडकीशी बसत. माझ्यासमोर त्यांनी उजवा फोन उचलून जळगावला लावला. भाव विचारला, ऐकला. मग जुन्या सवयीनं डावा उचलला आणि धुळ्याचा नंबर लावला. घंटी वाजली, कुणीतरी उचलला. नानांनी तब्येत विचारली, पाऊसपाणी विचारलं. फोन त्यांच्या कानापासून थोडा लांब होता, पलीकडचा आवाज मलाही ऐकू आला. तो बिचारा अगदी अदबीनं म्हणत होता, "नाना, आत्ताच तर बोललो ना आपण. मीच आहे." धुळ्याचा नंबरही आता जळगावलाच वाजत होता.

नानांनी दोन्ही फोन मांडीवर ठेवले. मला वाटलं, आता कायद्याला शिव्या घालतील. त्याऐवजी ते त्यांच्या घरच्या बोलीत आले, जे माझ्याशी ते क्वचित करत. "बठ्ठं खरं शे पोरी," म्हणाले. "आम्हीन भाव ठरावूत, ते बी खरं शे. पन आम्हीन एकमेकास्ना तोंडकडे देखीसन ठरावूत." सगळं खरं आहे, आम्ही भाव ठरवायचो तेही खरं, पण एकमेकांच्या तोंडाकडे बघून ठरवायचो. मग थोड्या वेळानं, माझ्याशी नाही, खिडकीशी बोलल्यासारखं, की या आकड्याचं तोंड कुठे आहे? मला भाषण सुचत होतं आणि ते मी गिळलं. नाना स्टँडवर सोडायला आले, गाडी सुटेपर्यंत उभे राहिले. त्यांच्या मृत्यूला मी कंपनीला जबाबदार धरणार नाही. डॉक्टर म्हणाले हृदय, आणि ते आधीपासूनच बरं नव्हतं. पण तो माणूस वर्षभर ज्याची वाट बघत खुर्चीत बसला होता तो दुसरा फोन कधी वाजणार नव्हता, आणि हे त्याला माहीत होतं, एवढं मी लिहिणार.

गेल्या आठवड्यात मी अक्कांना, म्हणजे नानांच्या पत्नीला, भेटायला सकाळच्या गाडीनं गेले. वाटलं होतं, घर सुनं असेल. तर ओट्यावर गल्लीतल्या सात-आठ बायका बसलेल्या, आणि मधे अक्का, हातात नानांचा उजवा फोन. त्यांनी तो नंबर बंद केलेला नाही. कंपनीच्या यादीतून नानांचं नाव अजून कुणी काढलेलं नाही, त्यामुळे मेलेल्या माणसाला रोज सकाळी भाव येतो. त्यात सरकीच्या खाली ढेपेचाही भाव असतो, कारण ढेप विकणारीही आता तीच कंपनी. या बायकांच्या दारात म्हशी आहेत. ढेपेचा दुकानदार वाटेल तो भाव सांगतो म्हणून त्या आधी अक्कांकडे येऊन खरा भाव ऐकून जातात. त्या दिवशी ढेप पुन्हा चढली होती. आणि संदेशाच्या वरचं कंपनीचं नाव बदललेलं होतं. अक्कांनी मला ते दाखवलं, विचारलं, हे कोण? मला माहीत नव्हतं. कोण कुणात गेलं, कुणी हरकत मागवली की नाही, वर्तमानपत्रात मी काही पाहिलं नव्हतं, आणि मी रोज पाहते.

अक्कांनी फोन पदराखाली ठेवला आणि सगळ्यांकडे एकवार बघून म्हणाल्या, "बजारना दिनलोंग कोनीच ढेप लेवानी नही. तुरनी चुनी टाका." बाजाराच्या दिवसापर्यंत ढेप कुणीच घ्यायची नाही, तोवर म्हशींना तुरीची चुनी, म्हणजे डाळीचा चुरा, घालायचा. एकीनं विचारलं, म्हैस दूध कमी देईल त्याचं काय? "एकली तुनीच का?" अक्का म्हणाल्या. "बठ्ठास्नी म्हैस कमी देई." सगळ्यांचीच कमी देईल म्हटल्यावर बायका हसल्या. मग एकेकीनं हो म्हटलं. जी गप्प होती तिच्याकडे सगळ्याजणी बघत राहिल्या, तिनंही शेवटी हो म्हटलं, आणि मगच त्या उठल्या. मी खांबाला टेकून उभी होते आणि मला आबांचा ओटा आणि त्या नोटिसा आठवल्या. घरची म्हैस हा उद्योग होतो का, चार घरांनी मिळून न घेणं हे कशात बसतं, मला माहीत नाही. वंदनाताईंना मी विचारलेलं नाही. विचारणारही नाही.

मी निघताना अक्कांनी मला विचारलं, तू यांच्यावर लिहिणार म्हणे पेपरात, मग हेही लिहिशील का? मी म्हटलं, लिहू? त्यांनी गल्लीत पांगणाऱ्या बायकांकडे पाहिलं. "लिख. पन बठ्ठास्ना नाव लिख. एकलीनं नको." एकटीचं नको म्हणून त्यांनी मला सगळी नावं सांगितली, नवऱ्यांच्या नावांसकट आणि आडनावांसकट, अभिमानानं. ती इथे मी लिहिलेली नाहीत. अक्का रागावतील.